दोन माग वाढवले

आयुष्यात मूर्खपणा मी पुष्कळ केला, पण सरकारी कागदावर सही करून केलेला मूर्खपणा एकच. तोही न्हाऊन, केस मोकळे सोडून, कोरी साडी नेसून, दारात उभ्या उभ्या. अंगठा उठवणारी बाई असती तर वाचली असती, कारण तिनं आधी विचारलं असतं, "काय लिवलंय ह्यात?" मला वाचता येत होतं. मी वाचलं, मला ते बरोबर वाटलं आणि खाली लफ्फेदार सही ठोकली. सही ठोकणारी ती पोरगी आज माझ्यासमोर आली तर मी तिला आधी बसायला देईन, पाणी देईन आणि मग दोन थोबाडीत देईन.

एकाहत्तर-बाहत्तरच्या आसपासची गोष्ट. लग्न होऊन फार दिवस झाले नव्हते. माझं माहेर पुण्याचं, शिक्षण मॅट्रिक, आणि तोरा मात्र पीएचडीचा. सासर सोलापुरात. घरामागे अंगण, अंगणापलीकडे पत्र्याची शेड आणि शेडमध्ये चादरींचे सहा यंत्रमाग. माग आमचे, पण सूत पेठेतल्या एका शेठचं. चादर विणून द्यायची, मजुरी घ्यायची. चादरीवर लेबल लागायचं ते शेठचं. आमच्या ह्यांना ते लेबल फार डाचायचं. कुणाकडे पाहुणे म्हणून गेलो आणि अंथरलेली चादर ओळखीची वाटली की हे कोपरा उलटून बघायचे. लेबल वाचायचे आणि कोपरा होता तसा करून ठेवायचे. पण त्या घरी मग चहा घशाखाली उतरत नसे.

अशात सरकारी वसतिगृहांना चादरी पुरवण्याचं टेंडर निघालं. हे रोज त्याचंच बोलायला लागले. टेंडरात अट होती, स्वतःचे किमान आठ माग चालू हवेत. ह्यांनी कुठून कुठून जमवाजमव करून दोन माग आणले, स्वतः खपून बसवले आणि चालू केले. टेंडर मिळालं असतं तर आमच्या नावावरची ती पहिली मागणी ठरली असती, आणि शेठची पायरी सुटली असती. नाही मिळालं तर दोन जादा मागांचा भार डोक्यावर घेऊन पुन्हा त्याच पायरीवर जायचं होतं. इतकं सरळ होतं ते. मला ते कळत नव्हतं असं नाही. मला ते दुसऱ्याच्या घरातलं वाटत होतं.

शेडमध्ये मी जात नसे. आत कान किटायचे, आणि हवेत कापसाचे तंतू तरंगायचे. ते केसांत बसले की माणूस अकाली म्हातारा दिसतो, असं माझं शास्त्र होतं. डोकं सांभाळून काय साधलं, ते आता आरशात बघते.

सासूबाईंना मी आत्याबाई म्हणे. त्यांचं एक वेगळंच व्याकरण होतं. मी नवी असताना एकदा स्वयंपाकघरातून सहज म्हणाले, "आत्याबाई, आज एक माग बंद आहे वाटतं, आवाज कमी येतोय." त्यांनी हातातली पळी खाली ठेवली.

"बंद म्हनू नये गं. पोटाचं साधन हाय ते. वाढवला म्हनावं."

बांगडी फुटली तरी वाढली म्हणायचं, नारळ फोडला तरी वाढवला म्हणायचं, रात्री दुकानाच्या फळ्या लावायच्या आणि दुकान वाढवलं म्हणायचं, हे मलाही ठाऊक होतं. पण बंद मागाला वाढवला म्हणताना मी पहिल्यांदाच ऐकत होते. पदर तोंडाला लावून हसले आणि विसरून गेले. माझ्या पुणेरी डोक्यात जे वाढवायचं ते मोठं व्हायचं, संपला विषय.

टेंडर भरून झालं. मग एक दिवस तपासणीला माणूस आला. नेमका आठवड्याच्या वीजबंदीचा दिवस. शेडला कुलूप. हे बाहेरगावी गेलेले, आत्याबाई देवळात. मी शेजारच्या अक्काबरोबर मॅटिनीला निघालेली. ती तेलुगू बाई माझ्याहून दसपट हौशी. फाटकाबाहेर उभी राहून ओरडत होती, "चल की गं, पिच्चर सुरू होतंय!"

दारात वयस्कर गृहस्थ उभे. डोक्यावर टोपी, काखेत फाईल, कपाळावर घामाच्या धारा. मंद्रूपकडचे असावेत, बोलण्यावरून तसं वाटलं.

"बाईसाहेब, मालक हायेत का?"

"नाहीत. परगावी गेलेत."

"टेंडरची तपासणी हाय. माग किती चालू, तेवढं बघून लिहायचं. शेड उघडता का?"

शेडची किल्ली माझ्या डोक्यामागच्या खिळ्याला टांगलेली होती. हात मागे केला असता की आली असती. पण मग अंगण ओलांडा, कुलूप काढा, धुतलेल्या केसांत कापूस घ्या आणि अक्काच्या शिव्या खा.

"आज वीज नाही," मी म्हणाले. "बघण्यासारखं काहीच नाही आत. तुम्ही विचारा, मी सांगते."

ते जरा घुटमळले. "बघितलं असतं तर बरं झालं असतं."

"विचारा ना."

"बरं. चालू किती?"

"सहा," मी म्हणाले. मग मोठ्या दिमाखात, जणू मीच खांद्यावरून वाहून आणलेत अशा थाटात जोडलं, "आणि दोन माग आत्ताच वाढवले!"

त्या गृहस्थांचा चेहरा पडला. त्यांनी जीभ टाळूला लावून "च् च् च्" केलं. "अरारा. दिवसच वाईट आलेत, बाईसाहेब."

मला वाटलं, उन्हाबद्दल आणि विजेबद्दल बोलताहेत. मी म्हटलं, "हो ना, सगळ्यांचीच तीच तऱ्हा."

"खरं हाय. किती जनांनी वाढवले ह्या साली."

"हो का? छान!" मी म्हणाले.

त्यांनी माझ्याकडे जरा चमकून बघितलं. पण भला माणूस होता; बाई दुःखानं भ्रमिष्ट झाली असेल म्हणून सोडून दिलं असावं. फाईल गुडघ्यावर धरून त्यांनी माझेच शब्द लिहिले. सहा माग चालू. दोन माग वाढवले. मी वाचलं. अक्षर न अक्षर बरोबर. सही केली. पाणीसुद्धा न विचारता दार लावलं आणि पळाले. पिच्चर रडका होता. मी पोटभर रडले. त्या दिवशीचं रडणं फुकट गेलं, पुढे उपयोगी पडलं असतं.

टेंडर नामंजूर झाल्याचं पत्र आलं ते ह्यांनी अंगणातच उभ्यानं वाचलं. दर आमचा सगळ्यांत कमी होता, पण चालू माग अटीपेक्षा कमी. हे म्हणाले, "कमी कसे? आठ आहेत." दोनदा म्हणाले. मग सायकल काढून कचेरीत गेले. तिथे त्यांना तो कागद दाखवला गेला आणि कागदाखाली त्यांच्या पत्नीची लफ्फेदार सही.

परत आले ते ओरडले असते तर बरं झालं असतं. त्यांनी फक्त विचारलं, "तू त्या माणसाला काय सांगितलंस?"

मी सांगितलं. सांगता सांगताच मला कळलं. आत्याबाईंनाही कळलं. त्यांनी कपाळावर हात मारला.

"पुन्यास्नं आनलेली सून! एका शब्दात दोन माग गिळले की हो हिनं. ढेकरसुदीक दिली न्हाय."

"आत्याबाई, शब्द तुमचाच—"

"माझा शब्द घेतलास, अर्थ कुटं ठेवलास गं?"

तरीही त्या रात्री हे जेवले आणि सकाळी वकिलाकडे गेले. आमचे वकील लवंग चघळत बोलायचे. मलाही सोबत नेलं होतं, आरोपी म्हणून म्हणा. वकिलांनी टेंडरच्या अटी वाचल्या आणि एका ओळीवर बोट ठेवलं. कोणतेही टेंडर कारण न देता नाकारण्याचा अधिकार राखून ठेवला आहे.

"ह्यांनी कारण न देता नाकारलं असतं, तर मी तुम्हाला चहा पाजून घरी पाठवलं असतं," ते म्हणाले. "पण ह्यांनी कारण दिलं. आणि दिलेलं कारण खोटं निघालं, तर कोर्टाला विचारता येतं, बाबांनो, हे काय केलंत? तेवढीच फट आहे. तिच्यातून शिरायचं."

"पुन्हा तपासणी नाही करणार ते?" ह्यांनी विचारलं.

"टेंडरं उघडल्यावर? तुमच्यासाठी केली तर उद्या बाकीचे कोर्टात येतील. नाही करणार."

"आमचे मजूर येऊन सांगतील की."

"मजूर मालकाच्या बाजूनंच बोलणार, असं ते म्हणतील. कागदावर सही वहिनींची आहे. तिचं उत्तर वहिनींनीच द्यायचं."

आत्याबाईंना साक्ष द्यायची फार इच्छा होती. "कोर्टाला सांगते की मी, हिला काय कळत न्हाय म्हनून," असा त्यांचा निरोप मी वकिलांना दिला. ते म्हणाले, "अगदी शेवटचा उपाय म्हणून ठेवू."

माझं प्रतिज्ञापत्र तयार झालं. 'वाढवले' म्हणजे मी 'नवीन बसवले' या अर्थानं म्हणाले, अधिकाऱ्यांचा गैरसमज झाला, वगैरे. शेवटी एक ओळ होती: वरील मजकूर माझ्या व्यक्तिगत माहितीप्रमाणे खरा आहे. वकिलांनी विचारलं, "वाचलंत ना नीट?" वाचण्याचं मला सांगावं लागतं का? पुन्हा लफ्फेदार सही. एवढं होऊनही माझी लेखणी सुधारली नव्हती.

कोर्टानं तात्पुरती मनाई दिली. सुनावणी होईपर्यंत मागणी कुणालाच द्यायची नाही. त्या दिवशी हे घरी येताना पेढे घेऊन आले. हा एवढा एकच दिवस त्या सगळ्या प्रकरणात असा होता, म्हणून लिहून ठेवते. पुढच्या तारखांना दुसऱ्या बाजूनं अर्ज दिला, की प्रतिज्ञापत्र करणाऱ्या बाईंची उलटतपासणी हवी.

आमच्या वकिलांनी जाडजूड शब्दकोश आणला होता. 'वाढवणे'चा पहिला अर्थ त्यांनी खणखणीत वाचला: मोठे करणे, अधिक करणे. दुसऱ्या बाजूच्या वकिलांनी उठून नम्रपणे तोच शब्दकोश मागून घेतला आणि त्याच पानावर खाली बोट नेलं: दुकान, दिवा, बांगडी इत्यादींविषयी, बंद करणे, संपवणे. मग आमच्या वकिलांनी शुभारंभाला वाढवतात तो नारळ काढला. त्या वकिलांनी तुटलं की वाढलं म्हणतात ते मंगळसूत्र काढलं. मागच्या बाकांवरचे लोक मान डोलवायला लागले, कीर्तनात बसल्यासारखे. शेवटी न्यायाधीश म्हणाले, "दोघांनीही आता वाढवू नका." सगळं कोर्ट हसलं. मीही हसले. हे हसले नाहीत.

मग मला पिंजऱ्यात बोलावलं. मी तयारी करून आले होते. घरी आरशासमोर 'वाढवणे' या धातूची सगळी रूपं चालवली होती. पण त्या वकिलांनी शब्दाला हातच लावला नाही. गोड माणूस, मला ताई म्हणायचा.

"ताई, वाढवले म्हणजे नवीन बसवले, हे मी मान्य करतो. चालेल?"

"चालेल," मी म्हणाले. किती सोपं, मला वाटलं.

"प्रतिज्ञापत्रात तुम्ही म्हणता, व्यक्तिगत माहितीप्रमाणे खरं. म्हणजे ते दोन माग तुम्ही स्वतः पाहिलेत?"

"हो."

"कुठे बसवलेत?"

"शेडमध्ये."

लोक हसले. त्यांनी थांबून हसू ओसरू दिलं.

"शेडमध्ये कुठे, ताई? दारातून आत गेल्यावर डाव्या हाताला की उजव्या?"

मला आत्ता लिहितानाही घाम फुटतो. समोर पंखा फिरत होता, त्याच्या पात्यांवर काही लिहिलंय का असं मी बघत होते. हे शेवटच्या बाकावर होते. त्यांच्याकडे बघायची सोय नव्हती.

"डाव्या," मी म्हणाले.

त्यांनी एक कागद उचलला. टेंडरसोबत ह्यांनीच जोडलेला शेडचा नकाशा. आमचाच कागद. "ताई, डाव्या हाताला इथे सुताच्या पोत्यांची जागा दाखवलीय. नकाशा चुकला का?"

"म्हणजे... उजव्या."

"उजव्या हाताला जुने तीन आहेत. नवे दोन मागच्या भिंतीला आहेत, आडवे, खिडकीखाली." कागद खाली ठेवून ते अगदी हळू म्हणाले, "तुम्ही शेडमध्ये शेवटच्या कधी गेला होतात?"

"दिवाळीला. पूजेला."

"आणि माग कधी बसले?"

ते मला ठाऊक होतं. "संक्रांतीनंतर," मी म्हणाले.

"आणखी काही विचारायचं नाही."

बाहेर व्हरांड्यात ते टोपीवाले गृहस्थ उभे होते. त्यांचीही साक्ष व्हायची होती. मला बघून त्यांनी टोपी काढली. "बाईसाहेब, माझं तुमच्याशी वैर न्हाय. मला त्या दिवशी तुमच्यासाठी वाईट वाटलं व्हतं. रात्री घरी आमच्या मालकिणीला बी बोललो, की एक घर बुडालं म्हनून. शेड उघडा म्हनलो व्हतो की मी."

मी म्हटलं, "हो, म्हणाला होतात."

निकाल फार लांबला नाही. न्यायाधीशांनी शब्दाच्या दोन्ही अर्थांना मान दिला, कुणाचंच मन दुखवलं नाही. पण वादीच्या साक्षीदाराला मागांची प्रत्यक्ष माहिती नाही, आणि घरच्याच बाईनं सही करून दिलेल्या जबाबावर अधिकारी विसंबले यात गैर दिसत नाही, असं म्हणून मनाई उठवली. वकील म्हणाले, "दावा चालू ठेवता येईल. वर्षं लागतील. तोवर चादरी दुसऱ्याच्या जातील, मुलं त्यावर झोपतील आणि त्या विरूनही जातील." लवंग संपली असावी, ते नुसतेच तोंड हलवत होते. ह्यांनी विचार करतो म्हणून सांगितलं आणि नंतर दावा काढून घेतला.

शेठ मोठ्या मनाचा निघाला, म्हणजे अधिकच वाईट. त्यानं ह्यांना गादीवर बसवलं, सरबत पाजलं आणि म्हणाला, "सूत काय, उद्याच पाठवतो. टेंडर-बिंडर आपलं काम नव्हं." फक्त मजुरी थोडी खाली आणली आणि सकाळी तासभर दुकानात येऊन बसायला सांगितलं. हे जायला लागले. पाहुण्यांकडे गेल्यावर चादरीचा कोपरा उलटून बघणं मात्र त्यांनी सोडून दिलं. मला त्याचं हायसं वाटलं होतं, यावरून माझी अक्कल कळावी.

नवे दोन माग अक्कलकोटच्या एका माणसानं घेतले. ते न्यायला बैलगाडी आली त्या दिवशी मी शेडमध्ये गेले. कुणी बोलावलं नव्हतं. मागची खिडकी उघडी होती. मूळची ती अगदी लहान होती. ह्यांनी भिंत फोडून मोठी करून घेतली होती, सुताचा तुटलेला धागा विणकराला उजेडात चटकन दिसावा म्हणून. हे मला गाडीवाल्याकडून कळलं. तो कानडीमिश्रित मराठीत कौतुक करत होता, माग काय झकास जागी लावलेत म्हणून. माझे हे वाकून जमिनीतले बोल्ट काढत होते आणि एका डब्यात टाकत होते. गाडी गेली. जमिनीवर तेलाचे काळे चौकोन उरले.

मी जवळ गेले. इतके महिने जे तोंडातून निघालं नव्हतं ते म्हणाले, "अहो, माझं चुकलं. तो एक शब्द मी बोलायला नको होता."

त्यांनी डब्याचं झाकण लावलं, चिंधीला हात पुसले. आवाज चढला नाही, त्यात रागही नव्हता. ते म्हणाले, "शब्दाचं सोड गं. शब्द कुणाचाही चुकतो. त्या वकिलानं डावीकडे की उजवीकडे म्हणून विचारलं ना, तेव्हा मी मागच्या बाकावर निर्धास्त बसलो होतो. म्हटलं, हे तर तिला झोपेतसुद्धा सांगता येईल. माग बसवत होतो तेव्हा रोज जेवताना मी तुला दुसरं काय सांगत होतो?"